शेकोटीला बंदी, वणव्याला मोकळीक

पावसाळा सरून दोन महिने लोटले की सह्याद्रीचे हिरवे उतार पिवळे पडू लागतात आणि संक्रांतीनंतर ते पार वाळून जातात. याच सुमारास डोंगरात दोन गोष्टींचा हंगाम सुरू होतो. एक, शहरांतून गडकिल्ल्यांकडे निघणाऱ्या भटक्यांचा; आणि दुसरा, वणव्यांचा. या दोहोंचा संबंध जोडून डोंगरात शेकोटी पेटविण्यास मनाई झाली की तोच वाद दरवर्षी नव्याने रंगतो. चार लाकडांच्या शेकोटीने डोंगर जळत नाही, डोंगर गावकरीच जाळतात, असे पर्यटक म्हणतात. शहरातील मंडळी मौज करून जातात आणि निखारे तेवढे आमच्यासाठी ठेवतात, अशी गावकऱ्यांची तक्रार असते. पाटी लावली की आपले कर्तव्य संपले, अशी सरकारी यंत्रणेची समजूत दिसते. तिघांच्याही म्हणण्यात थोडेफार तथ्य आहे. परंतु वणवा लागला म्हणजे त्याची झळ सर्वांत आधी आणि सर्वांत अधिक कोणाला लागते, हा प्रश्न मात्र या वादात मागे पडतो.

शेकोटीबंदी योग्य आहे आणि ती विनातक्रार पाळली गेली पाहिजे, हे प्रथमच स्पष्ट केले पाहिजे. पण ही बंदी म्हणजे डोंगरातील वाड्यावस्त्यांच्या संरक्षणाचा आरंभ आहे, शेवट नव्हे. जो नजरेला पडतो आणि ज्याला धाक दाखविणे सोपे असते अशा माणसावरच जी बंदी बजावली जाते, तिने वणवे थांबत नाहीत.

उतारावरची आग

सपाटीवरील आग आणि डोंगरावरील आग यांत मोठा फरक आहे. ज्वाळा वरच्या दिशेने जाते. उतारावर तिच्या वरच्या अंगाचे गवत ज्वाळेच्या अधिक जवळ असते; आच लागून त्यातला उरलासुरला ओलावा आधीच निघून जातो आणि ते पेट घेण्यास सिद्ध होते. उतार दहा अंशांनी वाढला की चढत्या आगीचा वेग सुमारे दुप्पट होतो, असा वनातील आगींच्या अभ्यासकांचा ठोकताळा आहे. म्हणजे वीस अंशांच्या चढावर तो सपाटीच्या चौपट होतो. त्यात दिवसा वारा दरीतून माथ्याकडे वाहतो. अशा वेळी पायथ्याशी लागलेल्या आगीपुढे चढ धावून सुटका करून घेणे चपळ माणसालाही शक्य होत नाही. तामिळनाडूतील थेनी जिल्ह्यात कुरंगणीच्या डोंगरात ११ मार्च २०१८ रोजी पदभ्रमणाला गेलेली मंडळी वाळलेल्या गवताच्या उतारावर वणव्यात सापडली आणि त्यांतील वीसहून अधिक जणांना प्राण गमवावे लागले. त्यांत बहुतेक जण तरुण आणि धडधाकट होते. उतारावरील आगीशी शर्यत लावता येत नाही, हे त्या दुर्घटनेने फार मोठी किंमत घेऊन शिकविले.

शेकोटीचा वणवा कसा होतो, हेही समजून घेण्यासारखे आहे. रात्री हवा थंड असते, दव पडलेले असते, वारा मंद असतो. सकाळी निघताना वरची राख पांढरी झालेली दिसते. त्यावर बाटलीभर पाणी ओतून माणसे समाधानाने गड उतरतात. राखेखाली मात्र निखारा कित्येक तास जिवंत राहतो. दुपारी ऊन तापते, दव उडून जाते, वारा सुटतो आणि एखादी ठिणगी शेजारच्या गवतात पडते. त्या वेळी शेकोटी पेटविणारा परतीच्या एस. टी.त बसलेला असतो. आपल्यामुळे डोंगर जळाला, हे त्याला कधी कळतही नाही. म्हणूनच 'आमच्या शेकोटीने काही होत नाही' असे तो मनापासून म्हणू शकतो. कॅलिफोर्नियाच्या किनाऱ्यालगतच्या डोंगरांत जुलै २०१६ मध्ये बेकायदा पेटवून तशीच सोडून दिलेल्या एका शेकोटीतून लागलेली आग १,३२,००० एकरांवर पसरली. पन्नासहून अधिक घरे जळाली, आग विझविण्याच्या कामावरील एका बुलडोझरचालकाचा अंत झाला आणि ती विझविण्यास वीस कोटी डॉलरांहून अधिक खर्च आला. हे सारे एका शेकोटीने केले.

वणव्याच्या बातम्या आपण हेक्टरांत वाचतो. डोंगरातील वाडीचा हिशेब निराळा असतो. वर्षभर जनावरांना पुरावी म्हणून रचलेली गवताची गंजी, शेताच्या कडेचा गोठा, पोटच्या पोरांसारखी वाढविलेली आंब्या-काजूची कलमे, घरावर शाकारायचे गवत यांची राख एका दुपारीत होते. अनेक वाड्यांना झऱ्याचे पाणी प्लास्टिकच्या काळ्या नळीने येते. वणवा त्या नळीवरून गेला की ती वितळते आणि ऐन उन्हाळ्यात बायाबापड्यांना पुन्हा हंडे घेऊन दरी उतरावी लागते. याखेरीज जमिनीलगत घरटी करणारे पक्षी, नुकतीच रुजलेली झाडे आणि पातेऱ्याखालची सुपीक माती यांचे होणारे नुकसान कोणत्याही पंचनाम्यात येत नाही. उघडी पडलेली ती माती वळवाच्या पहिल्याच सरीत वाहून ओढ्याला मिळते.

पाटी आणि व्यवस्था

कायदा नाही, अशातला भाग नाही. राखीव वनात आग पेटविणे किंवा वनाला धोका पोचेल अशा रीतीने ती पेटती सोडून जाणे हा १९२७ च्या भारतीय वन अधिनियमाच्या कलम २६ खाली गुन्हा आहे. अभयारण्यांसाठी १९७२ च्या वन्यजीव संरक्षण अधिनियमाचे कलम ३० आहे. उणीव आहे ती व्यवस्थेची. कॅनडाच्या ब्रिटिश कोलंबिया या डोंगराळ प्रांतात शेकोटीबंदी कशी चालते, ते या संदर्भात पाहण्यासारखे आहे. तेथे शेकोटी म्हणजे काय, याचीही व्याख्या आहे: अर्धा मीटर उंच आणि अर्धा मीटर रुंद, याहून मोठी ती नसावी. हवामान कोरडे झाले की कोणत्या भागात, कोणत्या दिवसाच्या कोणत्या वेळेपासून बंदी लागू होईल, हे आधी जाहीर होते. बंदीच्या काळात काय चालेल, म्हणजे कोणत्या प्रकारचा गॅसचा स्टोव्ह वापरता येईल, तेही सांगितले जाते. मोडणाऱ्याला १,१५० डॉलर दंड होतो आणि त्याच्यामुळे आग लागली तर ती विझविण्याचा खर्चही त्याच्याकडून वसूल होऊ शकतो. मुख्य म्हणजे पाऊस पडून धोका ओसरला की बंदी उठविली जाते. बंदी उठते, म्हणूनच ती लागू असताना लोक तिचे गांभीर्य मानतात. बारमाही गंजत उभ्या असलेल्या पाटीला हा मान मिळत नाही.

आणि तरीही बंदी पुरेशी नसते. याच प्रांतातील लिटन या जेमतेम अडीचशे वस्तीच्या गावात २९ जून २०२१ रोजी ४९.६ अंश सेल्सियस तापमानाची नोंद झाली आणि दुसऱ्या दिवशी ते गाव जवळजवळ संपूर्ण जळून गेले. दोघे दगावले. एवढ्या उष्णतेत आणि वाऱ्यात आग गावात शिरली की माणसांना वेळेवर बाहेर काढणे एवढेच हाती उरते.

कॅलिफोर्नियातील पॅराडाइज गावाची कहाणी याहून बोलकी आहे. सिएरा नेवाडा पर्वताच्या पायथ्याकडील कड्यावर वसलेले हे सुमारे सव्वीस हजार वस्तीचे गाव ८ नोव्हेंबर २०१८ रोजी काही तासांत बेचिराख झाले. ८५ माणसे मेली, १८,००० हून अधिक इमारती नष्ट झाल्या. गावाबाहेर पडणारे मोजके रस्ते मोटारींनी तुंबले आणि धुरात सापडलेल्यांत वृद्धांची संख्या मोठी होती. त्या आगीला सरकारदप्तरी 'कॅम्प फायर' हे नाव पडले. कोणालाही वाटेल की ही शेकोटीचीच करणी. प्रत्यक्षात ती जेथे सुरू झाली त्या कॅम्प क्रीक नावाच्या रस्त्यावरून हे नाव आले आहे, आणि शेकोटीचा तिच्याशी काडीचाही संबंध नव्हता. वीज कंपनीच्या सुमारे शंभर वर्षे जुन्या वाहिनीवरील एक झिजलेला लोखंडी आकडा तुटला, तार मनोऱ्याला भिडली आणि ठिणग्या पडल्या. पॅसिफिक गॅस अँड इलेक्ट्रिक कंपनीने जून २०२० मध्ये सदोष मनुष्यवधाचे ८४ गुन्हे न्यायालयात मान्य केले. शेकोटी पेटविणाऱ्या एखाद्या मुलाला दंड करणे सोपे असते. शंभर वर्षांचा आकडा वेळेवर बदलला की नाही, हे एका बलाढ्य कंपनीला विचारणे कठीण असते. बंदीचा भर नेहमी सोप्या बाजूवर पडतो, तो असा.

सर्वच आग शत्रू नव्हे

आगीला सरसकट मनाई करण्याचे धोरणही अंगाशी येऊ शकते. अमेरिकेच्या वन खात्याने १९३५ मध्ये असा नियम केला की वनात आग दिसली की दुसऱ्या दिवशी सकाळी दहाच्या आत ती विझलीच पाहिजे. हे धोरण चार दशके चालले. तेथील मूळ रहिवासी पिढ्यानपिढ्या थंडीच्या वा ओलाव्याच्या दिवसांत थोडे थोडे रान जाळून पातेरा कमी करीत असत; त्यांच्या या प्रथेलाही मज्जाव झाला. परिणामी जंगलात वाळके इंधन साचत गेले आणि पूर्वी जमिनीलगत सरपटत जाणारी आग झाडांच्या शेंड्यांवरून धावू लागली. आज तेच खाते योग्य हंगाम पाहून, माणसे उभी करून, स्वतःच रान जाळते.

आपल्याकडील जाळरेषेचे तत्त्व याच जातीचे आहे. हंगामापूर्वी ठरावीक पट्ट्यातील गवत कापून वा पहाऱ्यात जाळून टाकायचे, म्हणजे वणवा आला तरी त्या पट्ट्यापाशी त्याला खायला काही मिळत नाही. कोकणातील आणि मावळातील शेतकरीही भाताच्या रोपांसाठी राब भाजतात. पालापाचोळा, फांद्या, शेण वाफ्यावर पसरून, वर माती टाकून, वारा पडलेला पाहून जाणता शेतकरी तो पेटवितो आणि विझेपर्यंत जवळ थांबतो. ही आग आणि बांधापलीकडे डोंगराला काडी लावून निघून जाणे, यांत फरक केला पाहिजे. डोंगर जाळला की पुढच्या वर्षी गवत जोमाने येते, ही समजूत अनेक गावांत आहे. जुने वाळके खुंट जळून गेल्यामुळे नवे कोंब लवकर दिसतात, एवढेच तिच्यात तथ्य आहे. दरवर्षी जळणाऱ्या उतारावरची माती धुऊन जाते, खडक वर येतो आणि चांगल्या गवताची जागा निकस गवत घेते. हे गावकऱ्याला सांगितले पाहिजे. पण सांगणाऱ्याने त्याच्या राबालाही गुन्हा ठरविले तर त्याचे उरलेले म्हणणे कोणी ऐकणार नाही.

असे झाल्याचा दाखला आपल्याच देशात आहे. कुमाऊँमध्ये १९११ ते १९१७ या काळात ब्रिटिश सरकारने गावांभोवतीचे मोठे जंगल राखीव केले. चाऱ्यासाठी रान जाळणे, गुरे चारणे, लाकूडफाटा आणणे यांवर निर्बंध आले. चीडच्या झाडांतून राळ काढण्याचे उत्पन्न मात्र सरकारचे. जानेवारी १९२१ मध्ये बागेश्वरला लोकांनी सक्तीच्या वेठबिगारीच्या नोंदवह्या शरयू नदीत बुडविल्या आणि त्याच उन्हाळ्यात राखीव जंगलांत ठिकठिकाणी आगी पेटल्या. ज्यांनी एरवी आग विझवायला धावायचे, तेच ती लावू लागले. सरकारला चौकशी समिती नेमावी लागली आणि त्या मार्गाने १९३१ मध्ये वनपंचायती आल्या. गावाने निवडलेल्या पंचांनी गावच्या जंगलाची राखण करावी, ही ती व्यवस्था. उत्तराखंडात आजही अशा अकरा हजारांहून अधिक पंचायती आहेत. नंतरच्या नियमांनी त्यांचे अधिकार बरेच आखडले, हे खरे. परंतु मूळचा धडा जुना झालेला नाही. जंगल आपले आहे असे ज्याला वाटते तो आग पाहून धावत जातो. ते सरकारचे आहे असे ज्याला सांगितले जाते तो दार लावून घेतो.

आग विझविणारे हात

वणवा अखेर माणसेच विझवितात, आणि तीही बहुधा हिरव्या डहाळ्यांनी झोडपून. उत्तराखंडातील अल्मोडा जिल्ह्यात बिनसर अभयारण्यात १३ जून २०२४ रोजी आग विझविण्यास गेलेल्या वन खात्याच्या माणसांना ज्वाळांनी वेढले. चौघे जागीच मरण पावले आणि जखमींपैकीही काही पुढे दगावले. त्याच वर्षी एप्रिलमध्ये नैनितालजवळची आग आटोक्यात आणण्यासाठी हवाई दलाच्या हेलिकॉप्टरांनी भीमतालच्या तळ्यातून पाणी नेऊन ओतले होते. त्या दृश्याची छायाचित्रे देशभर झळकली. परंतु जळत्या डोंगरांच्या त्याच दिवसांत वन कर्मचाऱ्यांना निवडणुकीच्या कामाला का जुंपले, असे सर्वोच्च न्यायालयाला मे २०२४ मध्ये राज्य सरकारला विचारावे लागले. वनाच्या रक्षणाला आपल्या कारभारात किती खालचे स्थान आहे, याचे यापेक्षा स्पष्ट उदाहरण शोधूनही सापडणार नाही.

१९२७ च्या कायद्याचे कलम ७९ सांगते की वनात हक्क वा सवलती उपभोगणाऱ्या ग्रामस्थाने आग विझविण्यास मदत केलीच पाहिजे. म्हणजे गावकऱ्यावर झुंजण्याचे बंधन आहे. त्या झुंजीसाठी त्याला जाड बूट, तोंडावरची जाळी, पाण्याचा पाठीवरचा पंप, जायबंदी झाल्यास भरपाई वा विमा यांपैकी काय मिळावे, याबद्दल ते कलम अवाक्षर काढीत नाही. शिवाय धावून जाणारे हातही कमी होत आहेत. २०११ च्या जनगणनेत उत्तराखंडात हजाराहून अधिक गावे निर्जन आढळली. सह्याद्रीतील वाड्यांचे तरुणही मुंबई-पुण्याला गेलेले असतात आणि वणवा आला की तो विझवायला म्हातारी माणसे आणि बायका उरतात. डेहराडूनच्या भारतीय वन सर्वेक्षण संस्थेकडून उपग्रहाने टिपलेल्या आगीची सूचना आता अल्पावधीत वनरक्षकाच्या फोनवर येते. विज्ञानाची ही मदत मोलाची आहे. पण सूचना मिळाल्यावर डोंगर चढायला माणूस नसेल तर तिचा उपयोग नोंद करण्यापुरताच.

काय करता येईल?

शेकोटीबंदी तारखेनिशी आणि हद्दीनिशी जाहीर व्हावी. फेब्रुवारीच्या मध्यापासून पाऊस पडेपर्यंत उघड्या डोंगरावर कोठेही शेकोटी नको, हा नियम पर्यटकाला घरून निघण्यापूर्वी कळला पाहिजे. त्याबरोबर पर्यायही दिला पाहिजे. गडाच्या पायथ्याच्या वाडीत राखलेल्या अंगणात चूल पेटते, भाकरी मिळते. शहरातील पाहुण्याने तेथे जेवावे आणि योग्य ते पैसे मोजावेत. ज्या वाडीला पर्यटनाचे चार पैसे मिळतात, ती पर्यटकांच्या शिस्तीवर वनरक्षकापेक्षा बारकाईने लक्ष ठेवील.

जाळरेषांचे काम हंगाम डोक्यावर येण्याआधी, डिसेंबर-जानेवारीत, गावातील लोकांकडूनच मजुरी देऊन करून घ्यावे. रोजगार हमीची वाट ज्या महाराष्ट्राने १९७० च्या दशकात देशाला दाखविली, त्याला हे अवघड नाही. उत्तराखंड सरकारने २०२४ मध्ये चीडची वाळकी पाने गोळा करून आणणाऱ्यास किलोमागे ५० रुपये देण्याची घोषणा केली. घोषणेचा अंमल किती होतो तो भाग वेगळा, पण आगीचे इंधन हेच गावाचे उत्पन्न करण्याची कल्पना योग्य दिशेची आहे. आपल्याकडे गवत कापून त्याची वैरण करणे, हे त्याच विचाराचे रूप ठरेल. २००६ च्या वनहक्क कायद्याने सामूहिक वनसंपत्तीच्या रक्षणाचा अधिकार ग्रामसभेला दिला आहे. डोंगरी गावांच्या दाव्यांचा निकाल लवकर लावणे, हादेखील वणवा रोखण्याचाच एक उपाय मानला पाहिजे. आणि रानातून जाणाऱ्या विजेच्या तारांखालचे गवत कोणी कापायचे, घाटरस्त्याच्या कडा कोणी साफ ठेवायच्या, याची जबाबदारी त्या त्या खात्याच्या नावावर लिहून, चुकल्यास जाब विचारला गेला पाहिजे. शेकोटीवाल्याला जो नियम, तो खात्यालाही हवा.

सहली नेणारे शिक्षक, गिरिभ्रमण मंडळे चालविणारे विद्यार्थी आणि जोडून सुट्टी मिळाली की गड गाठणारे नोकरदार यांच्यावर या कामाचा मोठा भार आहे, कारण डोंगरात जाणारी मंडळी प्रामुख्याने त्यांच्यातलीच असतात. सहलीच्या परिपत्रकात डबा आणि पाण्याची बाटली यांच्याबरोबर 'काडेपेटी आणू नये' ही एक ओळ सहज घालता येईल. शेकोटीभोवतीची गाणी चांदण्यातही म्हणता येतात. आपल्या रात्रीच्या आनंदाचा खर्च दुसऱ्याच्या वैरणीवर आणि पाण्याच्या नळीवर पडू नये, एवढी दक्षता हा सुशिक्षितपणाचा किमान भाग आहे. ती घेतल्यानंतरच, डोंगर राखण्यासाठी सरकारने आपला वाटा उचलला की नाही, हे ठणकावून विचारण्याचा नैतिक अधिकार आपल्याला मिळेल. आणि तो अधिकार मिळवून प्रत्यक्षात वापरलाही पाहिजे. नाही तर शेकोटीबंदीची पाटी जागच्या जागी राहील आणि तिच्यामागचा डोंगर मात्र दर उन्हाळ्यात जळत राहील.